यमाच्या नाचाला मृदंग

पौष संपता संपता एके दिवशी सकाळी अंगणात यावं, तर आपला आंबा आपल्यालाच ओळखू येत नाही. रात्री निजलो तेव्हा हिरवागार होता. सकाळी बघावं तर आजारातून उठलेल्या माणसासारखी त्याला तांबूस-पिवळी दाढी फुटलेली. यंदा आमच्या खाडीकाठाला मोहोर एवढा आला आहे की कावळ्यांना बसायला फांदी मिळत नाही. काल एक कावळा नाइलाजाने माझ्या टोपीवर बसला आणि मी घरी पोचेपर्यंत उठला नाही. मधमाश्यांची घूं घूं अशी, की पलीकडच्या वाडीतल्या माणसांना वाटलं मुंबईची आगबोट वाट चुकून डोंगरातून येते आहे. दोघंतिघं तर वळकट्या घेऊन निघालेसुद्धा.

यातलं अर्धं तुम्हाला खोटं वाटेल. वाटू द्या. माझं बोलणं मापून घेणारं माणूस घरात होतं तोवर मी बेताने बोलत असे. आता कोण विचारतो?

ते माणूस म्हणजे गोदा, माझी बायको. मी बंदरावर कारकून. आगबोटीतून उतरलेला माल नोंदवायचा, आणि संध्याकाळी होडीने खाडी ओलांडून घरी येताना दिवसभरातल्या गोष्टींना जरा खतपाणी घालायचं, हा माझा क्रम. गोदा चुलीपुढे बसून सगळं ऐकायची आणि शेवटी विचारायची, "अवो, ह्यातला खरा किती?"

एकदा मी तिला सांगितलं, आज बंदरावर एवढी लांब सुरमई आली की तिचं डोकं मांडवीला विकलं आणि शेपूट हर्णेच्या लिलावात गेलं. गोदा विळीवर नारळ खवत होती. मान वर न करता म्हणाली, "आनि मधला तुकडा कुटं गेला?"

"आम्ही बंदरावरच्या लोकांनी खाल्ला."

"मंग जरा हितं येवा. तोंडाचा वास बगू दे."

अशी बायको. विशीसुद्धा गाठली नव्हती तिने. मी तिच्याहून चार वर्षांनी मोठा आणि चाळीस वर्षांनी खुळा.

गोष्टीचा शेवट लुगड्याच्या गाठीत बांधून ठेवायचा आणि ऐकणाऱ्याला तरसवायचं, ही रीत मला येते, पण इथे ती नको वाटते. म्हणून आधीच सांगून टाकतो. असाच मोहोर पूर्वी एका वर्षी आला होता, आणि गोदा त्याच वर्षी श्रावणात गेली. छातीचा आजार होता. आता ते ओझं खाली ठेवलं, म्हणजे मला त्या मोहोराकडे मोकळ्या हातांनी जाता येईल. कारण मला आठवतो तो श्रावण नव्हेच. मला आठवतात माघ आणि फाल्गुन, आणि मांडवीच्या वाळूत उभा राहिलेला तो तंबू.

तो तंबू आगबोटीने आला. आगबोट आमच्याकडे धक्क्याला लागत नाही, बाहेर समुद्रात उभी राहते आणि माल पडावातून काठाला येतो. त्या दिवशी पडावातून बांबू उतरले, कापडाच्या घड्या उतरल्या, एक लोखंडी यंत्र उतरलं, गोल पत्र्याचे डबे उतरले, आणि सर्वांत शेवटी पोट धरून दोन माणसं उतरली. एक तंबूवाला शेठ, घाटावरचा. दुसरा त्याचा तबलजी. समुद्राने दोघांनाही पिळून काढलं होतं. तबलजीने वाळूवर पाय ठेवला, वाळूला नमस्कार केला आणि जो चालत सुटला तो थेट देवरुखच्या वाटेने घाट चढून गेला. वाटेत देवरुखला कुणाच्या तरी विहिरीत डोकावला, तर तेवढ्यानेसुद्धा त्याला मळमळलं, अशी बातमी मागाहून आली.

शेठ कपाळाला हात लावून डब्यांवर बसला. "काय राव, आता करायचं काय? चित्र मुकं असतंय. वाजवणारा नसला म्हणजे लोकांना नुसती यंत्राची घरघर ऐकू येती, आन् मग घोरणं ऐकू येतंय."

मी आमच्या वाडीच्या नमनात, म्हणजे शिमग्यातल्या सोंगांच्या खेळात, मृदंग वाजवायचो. शिमग्यात आमचं नमन उभं राहिलं की माझ्या मृदंगाचा आवाज बुरोंडीपर्यंत जायचा, आणि तिथली कुत्री ठेक्यात भुंकायची. हे मी शेठला सांगितलं. त्याला खरं किती ते विचारायची सवय नव्हती. त्याने मला तिथल्या तिथे ठेवून घेतलं.

तंबूची व्यवस्था अशी: मध्ये एक पांढरं कापड ताणून बांधलेलं. खेळ सुरू व्हायच्या आधी त्यावर घागरींनी पाणी मारायचं, म्हणजे ओल्या कापडातून चित्र पलीकडेही उमटतं. अलीकडे पुरुष बसायचे, पलीकडे बायका. तेच चित्र, पण आमचा उजवा तो त्यांचा डावा. मी मृदंग घेऊन कापडाच्या कडेला, बांबूला टेकून बसायचो. साऱ्या तंबूत तेवढ्या एका जागेवरून दोन्ही बाजू दिसायच्या.

चित्राचं नाव लांबलचक होतं, आम्ही त्याला 'यमाचा नाच' म्हणायचो. गोष्ट हाताच्या पंज्याएवढी. एक पोरगी, एक पोरगा. दोघं नाचतात. शब्द नाही, हुंकार नाही. समुद्रकाठी नाचतात, झाडाखाली नाचतात, भांडतात तेही नाचत. मग पोरगा एकाएकी खाली पडतो आणि यम येतो. काळे कपडे, डोक्यावर उंच निमुळता टोप, आणि तोही नाचतच येतो.

गोदा तेव्हा अंथरुणाला खिळलेली. डॉक्टरांनी सांगितलं होतं, हवेत ठेवा, दूध द्या, मन आनंदी राखा. पहिलं आम्ही केलं. पडवीत, अंगणातला आंबा दिसेल अशी तिची खाट टाकली. दुसरं केलं. तिसरं माझ्याकडे होतं, आणि मी बापडा रोज सुरमया लांब लांब करत होतो. पण ती खोकायला लागली की सगळ्या सुरमया आखूड व्हायच्या.

तिचे वडील आमच्या ग्रामदेवीचे गुरव. धाकू गुरव. मी त्यांना मामा म्हणायचो. गावाच्या वतीने देवीला गाऱ्हाणं घालायचं ते त्यांनीच. कुणाची गाय हरवो, कुणाचा मुलगा मुंबईला जावो, मामा उभे राहून खणखणीत आवाजात देवीला सारं सांगायचे आणि गाव 'व्हय म्हाराजा' म्हणत साथ द्यायचं. मग कौल. देवीच्या अंगाला दोन्ही बाजूंना कळ्या लावायच्या. उजवीकडची आधी पडली की देवीचा होकार, डावी पडली की नकार. मामांनी लेकीसाठी कौल लावला. डावी पडली. पुन्हा लावला. पुन्हा डावी. त्यानंतर ते देवळात जायचे, पूजा करायचे, पण देवीशी बोलायचे नाहीत. एकाच घरात अबोला धरून राहावं, तसं त्यांचं चाललं होतं.

मामींनीच त्यांना पहिल्या खेळाला आणलं. "बगा तरी येकदा. मानूस हायसा का खांब?" मामी पलीकडे बायकांत जाऊन बसल्या, मामा अलीकडे सर्वांच्या पुढे.

पोरगा पडला. यम डावीकडून आला. मी मृदंगावर एकेक जड थाप टाकत होतो, स्मशानाला शोभेल अशी. यमाने पोराच्या अंगावर हात पसरला. आणि मामा उभे राहिले.

"बा म्हाराजा!"

तंबूत टाचणी पडली असती तर तिनेसुद्धा आवाज केला नसता.

"बा म्हाराजा! तू जो कोन असशील तो, खरा असशील, खोटा असशील, आज हितं आमच्या म्होरं उबा ऱ्हायलायस!"

सवय कुठे जाते? सगळा तंबू एका तोंडाने गर्जला, "व्हय म्हाराजा!" पलीकडून बायकाही.

"आमची येक लेक पडवीत पडलीहाय. तिच्या वाटंवर जो कोन उबा असंल, त्याची वाट वाकडी कर! त्याच्या पायाला काटा लाव! त्याला सात खाड्यांच्या पलीकडं ने!"

"व्हय म्हाराजा!"

माझ्या शेजारी बसलेल्या एकाने मामांचं धोतर ओढलं. "धाकूदा, आवो ता चित्र हाय. कापडावरचा."

मामा त्याच्याकडे वळले. "आनि देवळातली कशाची हाय? दगडाचीच ना?"

त्याने धोतर सोडलं.

एवढ्यात काय झालं, की यंत्र फिरवणारा शेठ हे सगळं आ वासून बघत राहिला आणि त्याचा हात थांबला. हात थांबला तसा पडद्यावरचा यम थांबला. हात पसरलेला, एक पाय उचललेला, जागच्या जागी. गाऱ्हाण्याने यम थांबला हे शेकडो माणसांनी आपल्या डोळ्यांनी पाहिलं. मग यमाच्या छातीवर एक तांबडा ठिपका उठला. तो पसरला, त्याला फोड आला, फोड फुटला, आणि भर तंबूत यम छातीपासून टोपापर्यंत जळून गेला. मागे उरला नुसता पांढरा उजेड. यंत्रातल्या दिव्यापुढे फीत थांबली की पेट घेते, हे आम्हाला कुणी सांगितलं होतं? शेठ ओलं पोतं घेऊन यंत्रावर पडला म्हणून तंबू वाचला. तो उजेड म्हणे हर्णेच्या नाखव्यांनी पाहिला आणि चंद्र उगवला समजून जाळी ओढून घेतली.

एवढ्या गोंधळात मामा शांतपणे खाली बसले. "झाला," म्हणाले. "ऐकला त्यानं."

घरी आल्यावर मात्र मामा-मामींचं भांडण जुंपलं. मामांना एकच रुखरुख: यम आला होता डावीकडून.

"डावा कुटला? उजवा!" मामी म्हणाल्या. "माज्या ह्या हाताकडनं आला. चांगला बगितलाय मी."

"मी सगळ्यांच्या म्होरं व्हतो."

"आनि मी काय झोपली व्हती?"

दोघंही खरं बोलत होती. गोदा खाटेवर पडून ऐकत होती, तिला हसू आवरेना. त्या हसण्याने खोकला आला, खोकल्याने डोळ्यांत पाणी आलं, आणि तरी ती हसतच होती. "बाबा," ती म्हणाली, "तुमी पुडच्या खेपेला बायकांत बसा."

दुसऱ्या दिवसापासून खेळ यमावाचून सुरू झाले. त्याचा तुकडा जळालेला. पोरगा पडायचा, पडदा क्षणभर पांढरा व्हायचा, आणि मग एकदम पोरगी एकटी नाचताना दिसायची. ती एकटी का, हे कुणालाच उमगायचं नाही. लोक एकमेकांना समजावायचे, "पोरगा दमला आसंल. निजला आसंल. नाचाचा काम सोपा नाय." आणि खुशाल घरी जायचे. सबंध हिंदुस्थानात त्या चित्रातला पोरगा फक्त रत्नागिरीत जिवंत होता.

आणि गोदा उठली.

डॉक्टर म्हणाले, कोरडी हवा मानवली. मामा म्हणाले, गाऱ्हाणं पोचलं. आधी ती खाटेवर उठून बसली. मग खांबाला धरून उभी राहिली. मग एका दुपारी मी बंदरावरून लवकर आलो, तर ती आंब्याखाली उभी. मोहोराचा चिकटा तिच्या केसांवर पडलेला, ऊन लागून कपाळावर थेंब. खालून कातळाची धग, खाडीकडून ओहोटीचा खारा वास, आणि वरून तो मोहोराचा वास, जो नाकाने घेता येतो पण सांगता येत नाही. मी सांगायचा प्रयत्न केलेला आहे. म्हटलं, आंबटगोड. म्हटलं, नव्या नवरीच्या पेटीसारखा. नाही जमलं. काही गोष्टी मोठ्या करून सांगता येत नाहीत, कारण त्या आधीच होत्या तेवढ्या पुष्कळ असतात.

रोज संध्याकाळी ती मला अंगणात चित्रातला नाच करून दाखवायला लावायची. मी पोरगा व्हायचो, पोरगी व्हायचो, समुद्रसुद्धा व्हायचो. पोरगी झालो की ती पोट धरून हसायची. "अवो, कमरेत मोडा जरा! म्हैस बरी नाचंल." मग स्वतःच बसल्या जागी मनगटं फिरवून दाखवायची. काय मनगटं होती! रोडावली होती, बांगड्या कोपरापर्यंत सरकायच्या, पण हवेत फिरली की वाटायचं तिथे काहीतरी लिहिलं जातंय.

एकदा तिने विचारलं, "बाबांचा गाऱ्हाना खरा, का दिव्यानं जळला ता खरा?"

मी म्हटलं, "तुझं उठणं खरं."

बहुधा माझ्या तोंडून न वाढवलेलं वाक्य तिने पहिल्यांदाच ऐकलं होतं.

शिमगा तोंडावर आला. वाडीत नमनाची तयारी सुरू झाली आणि तंबूचा मुक्काम संपत आला. अशात एके दिवशी आगबोटीतून एकच गोल डबा उतरला. शेठच्या नावाचा. त्याने तो कानाशी धरून हलवला आणि मला म्हणाला, "यम आला बरं का तुमचा. मुंबईहून नवा तुकडा मागवला. शेवटचा खेळ पुरता दाखवून जातो."

मी ही गोष्ट मामांना सांगितली; नसती सांगितली तरी ती लपली नसती. मामा तसेच अनवाणी होडीत बसून तंबूत आले. शेठपुढे उभे राहिले. देवीपुढे ताठ उभा राहणारा माणूस हात जोडून म्हणाला, "त्याला परत आनू नको. येकदा गेलाय तो."

शेठ माणूस वाईट नव्हता. त्याने डबा बाजूला ठेवला. मग मला म्हणाला, "लोकांना शेवट हवाय. पण तुमच्या घरातलं काय ते मला सांगा. नको म्हणाल तर हा डबा उघडणार नाही."

मी घरी येऊन गोदाला सांगितलं. ती अळवाची पानं पुसत होती.

"लावा म्हनावा," ती म्हणाली.

"अगो, पण मामा..."

"मला बगायचाय त्याला. बाबांनी बगितला, आयेनं बगितला, तुमी तर त्याच्या पायात वाजवलात. आनि जिच्यासाठी तो येतोय तिनंच नाय बगितला तो."

"येतोय असं कोण म्हणालं?"

"अवो," ती हळूच म्हणाली, "तुमी सोडून सगळी."

आता रत्नागिरीत बोलती चित्रं येतात. मध्यंतरी मित्रांनी मला अशा एका चित्राला ओढून नेलं. त्यातही कुणीतरी मरत होतं. मरताना पेटी वाजत होती, सारंगी रडत होती, आणि मरणारा स्वतः चांगलं तीन कडव्यांचं गाणं म्हणत होता. सगळं आधीपासून ठरवून फितीत भरलेलं. मी नकळत मांडीवर ठेका धरायला गेलो, तर शेजारचा म्हणाला, "पाव्हनं, हात आवरा, आईकू येत नाय." आवरला. आता यम आपला बाजा बरोबर घेऊन येतो. त्याला आमच्यासारख्यांची गरज उरलेली नाही. पण त्या वर्षी तो मुका होता. कसं नाचायचं ते त्याने ठरवलेलं असलं, तरी कशावर नाचायचं हे माझ्या हातात होतं.

शेवटच्या खेळाला आम्ही गोदाला होडीतून नेलं. ऊन उतरलं होतं. तिने लग्नातलं हिरवं लुगडं नेसलं होतं आणि ते तिला दोनदा गुंडाळून उरत होतं. होडीत अख्खी वाडी बसलेली; भार एवढा की खाडीतले मासे अंग चोरून काठाला उभे राहिले. तंबूशी आल्यावर मामा पुरुषांच्या बाजूला वळले, थांबले, आणि मान खाली घालून सरळ बायकांत जाऊन बसले. बायका पदर सावरून ओरडल्या, "धाकूदा, हिकडं कुटं?" मामा पडद्याकडे बघत म्हणाले, "हितनं तो उजवा येतो." एकीने त्यांना सरकून जागा दिली.

चित्र सुरू झालं. पोरगी नाचली, पोरगा नाचला. मी बांबूला टेकून वाजवत होतो आणि माझे डोळे पलीकडे होते. पडद्यावर उजेड वाढला की गोदाचा चेहरा उजळायचा, अंधारलं की ती नाहीशी व्हायची. ती पुढे वाकून बघत होती. माझ्या अंगणातल्या नाचात आणि खऱ्यात केवढा फरक आहे हे तिला कळून चुकलं असणार, आणि घरी गेल्यावर माझं काही खरं नव्हतं.

पोरगा पडला. यम आला. तिची बोटं मामींच्या पदरात रुतलेली मला इथून दिसली. मामांचे हात जोडलेले, ओठ हलत होते. मी जड थाप टाकायला हात उचलला.

आणि हात पडला भलतीकडेच. शिमगा दोन-चार दिवसांवर होता, हातांत नमन भरलेलं होतं, आणि माझ्या पुढ्यात काळे कपडे, निमुळता टोप घातलेला एक इसम पाय उचलत होता. हातांनी त्याला माझ्याआधी ओळखलं. मृदंगातून निघाली ती संकासुराची चाल. आमच्या नमनातला संकासूर तुम्हाला माहीत असेल. काळा झगा, उंच टोपी, कमरेला घुंगरं. सगळ्यांना भिववायला येतो आणि सगळ्यांना हसवून जातो. त्या टुणक्या, खट्याळ ठेक्यावर यमाचं एकेक गंभीर पाऊल पडायला लागलं आणि ते गंभीर राहीना. तो हळूच पाय उचलायचा, तर वाटायचं चिखल चुकवतोय. हात पसरायचा, तर वाटायचं शिमग्याचं पोस्त मागतोय.

बुरोंडीचा एक नाखवा मागून ओरडला, "आरं, ह्यो तर संकासूर!"

मग जे हसू फुटलं! तंबूचे बांबू हलले. माणसं एकमेकांच्या अंगावर पडली. पलीकडून बायका "संकासूर आयला गो, संकासूर!" म्हणून टाळ्या पिटायला लागल्या. यमाला बिचाऱ्याला काय कळणार? तो आपला मुंबईला ठरवून दिल्याप्रमाणे डोळे वटारत होता, आणि जितके वटारी तितकं हसू वाढे. मी गोदाकडे पाहिलं. ती आधी नुसती बघत राहिली. मग तिच्या ओठांचा एक कोपरा सुटला. मग दुसरा. मग तिने मान मागे टाकली आणि ती हसली. यमाकडे बोट दाखवून, आजार व्हायच्या आधी हसायची तशी. मामींचा पदर तिच्या हातातून कधी सुटला ते तिला कळलंसुद्धा नाही.

मी वाजवत राहिलो. बोटांची सालं गेली. मला वेड्यासारखं वाटत होतं, एवढी माणसं एवढं हसली तर हा लाजून माघारी फिरेल.

तो फिरला नाही. चित्र ते चित्र. त्याने पोराला उचललं आणि घेऊन गेला. आमच्या डावीकडे, त्यांच्या उजवीकडे. हसू जागच्या जागी विझलं. आणि पडद्यावर ती पोरगी एकटी उरली. इतके दिवस आम्ही तिला एकटीला नाचताना पाहत आलो होतो, पण ती एकटी का ते सर्वांना आत्ता कळलं. ती सावकाश उठली, आणि नाचायला लागली.

माझे हात मृदंगावर पालथे पडून राहिले. स्मशानातली थाप मला येत होती, संकासुराची चाल येत होती. ह्याला काय वाजवायचं ते मला येत नव्हतं. तंबूत नुसती यंत्राची घरघर. मुकी पोरगी मुक्याने नाचत होती.

तेव्हा पलीकडून एक टाळी वाजली. मग दुसरी. संथ, सुटी सुटी, पण तोल न सोडणारी. गोदा टाळ्या वाजवत होती. खोकला येत होता, मध्ये थांबत होती, श्वास घेत होती, आणि पुन्हा नेमकी ठेक्यावर येत होती. मामी तिला आवरायला गेल्या आणि मग त्याही वाजवायला लागल्या. शेजारची बाई, तिच्या शेजारची. मामांनीही आपले गाऱ्हाण्याचे जोडलेले हात सोडवले. पडद्याच्या त्या बाजूने सगळ्या बायका आणि एक म्हातारा गुरव त्या पोरीला ताल देत राहिले, पडदा कोरा होईपर्यंत.

परतताना भरती लागली होती. गोदा दमून मामींना टेकून बसली होती. मी मृदंग मांडीवर घेऊन तिच्यापुढे.

"तुला टाळ्या वाजवायला कोणी सांगितलं?" मी म्हटलं. "तुझ्या छातीला ते..."

"मंग काय करायचा? पोरगी येकटी नाचत व्हती. आनि तुमी हात टाकून बसलात."

"मला काही सुचेना."

तिने होडीच्या काठावरून हात खाली सोडला आणि बोटांनी पाणी कापत राहिली. मला वाटलं झोपली.

"मंग सुचवून ठेवा," ती म्हणाली.

अजून सुचलेलं नाही. कालच मृदंग खुंटीवरून उतरवला, घुमावा म्हणून कणीक भिजवून डाव्या अंगाला लावली, दोरी ताणली, पुढ्यात घेऊन बसलो. अंगणात कुणी नव्हतं. बराच वेळ हात वर धरला होता.